मधमाश्यांची भाषा आणि कार्ल फॉन फ्रिश

जातककथांत पशुपक्षी माणसासारखे बोलतात. परंतु कथेतील प्राणी आपलीच भाषा बोलत असतो. प्राण्याची स्वतःची भाषा माणसाने उलगडल्याचे सर्वांत ठळक उदाहरण मधमाशीचे आहे.

प्राणिशास्त्रज्ञ कार्ल फॉन फ्रिश म्युनिक विद्यापीठात प्राध्यापक होते. काचेच्या पेटीतील पोळे, माश्यांच्या अंगावर दिलेले रंगीत ठिपके आणि अपार चिकाटी, एवढ्या साधनांवर त्यांचे संशोधन उभे राहिले. अन्न शोधून परतलेली माशी पोळ्यावर नाचते. गोल नाच मकरंदासाठी आणि पोट थरथरवीत केलेला नाच परागासाठी, असा अर्थ त्यांनी 1920 च्या दशकात लावला होता.

1941 मध्ये नाझी शासनाने त्यांना पदावरून दूर करण्याचा निर्णय कळविला. कारण एकच : त्यांच्या आईची आई ज्यू कुळातील होती. विद्वत्ता पाहिली नाही, आचरण पाहिले नाही. आजीचे कूळ पाहिले. जन्मावरून माणसाची पायरी ठरविणारी ही रीत आपल्या समाजाला नव्याने समजावून सांगावी लागत नाही. त्याच सुमारास नोसेमा या रोगाने जर्मनीतील मधमाश्या मोठ्या संख्येने मरू लागल्या, फळबागांचे परागीभवन धोक्यात आले आणि त्यांची हकालपट्टी युद्ध संपेपर्यंत पुढे ढकलण्यात आली. माणूस म्हणून नाकारलेली जागा माश्यांच्या गरजेपोटी तात्पुरती मिळाली!

1944 मध्ये ऑस्ट्रियातील ब्रुनविंकल येथे त्यांनी खाद्य पोळ्यापासून बरेच दूर ठेवून पाहिले, तेव्हा आपलाच जुना अर्थ चुकीचा असल्याचे त्यांना आढळले. दोन दशके स्वतःच्या नावावर असलेले मत त्यांनी सोडून दिले. कालाम सुत्त त्यांनी वाचले असो वा नसो, आचरण मात्र तेच होते. थरथरता नाच दिशा आणि अंतर सांगत होता. उभ्या पोळ्यावर सरळ वर जाणारी धाव म्हणजे सूर्याच्या दिशेने उड्डाण. धाव उभ्या रेषेपासून जितक्या कोनात कलते, तितक्याच कोनात सूर्यापासून बाजूला उडायचे. थरथर जितकी लांबते, तितके अन्न दूर.

1973 मध्ये त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले. सहमानकऱ्यांपैकी कोनराड लोरेन्ट्स हे एकेकाळी नाझी पक्षाचे सभासद होते, ही इतिहासातील एक विचित्र नोंद.

या भाषेची सीमाही फ्रिश यांनीच तपासली. उंच मनोऱ्यावर खाद्य ठेवले असता नाच पाहून निघालेल्या माश्या खालीच शोधत राहिल्या. त्यांच्या नाचात ‘वर’ या अर्थाची खूणच नव्हती.