शोभिवंत माशांवरील पांढरे ठिपके : वेळीच ओळखा, उपचार अर्धवट सोडू नका

शेतीला पूरक व्यवसाय म्हणून गोल्डफिश, गप्पी, मोली यांसारख्या शोभिवंत माशांचे संगोपन करता येते. मात्र पांढऱ्या ठिपक्यांचा रोग शिरला तर थोड्याच दिवसांत संपूर्ण टाकी रिकामी होऊ शकते. ठिपके गेले म्हणजे रोग गेला, असे समजून औषध लवकर थांबविल्याने पुष्कळदा नुकसान होते.

रोगाचे कारण व जीवनक्रम

'इक्थियोफ्थिरियस मल्टिफिलिस' या एकपेशीय परोपजीवीमुळे हा रोग होतो. प्रत्येक ठिपक्यात, माशाच्या त्वचेखाली, एक परोपजीवी वाढत असतो. तेथे त्याला पाण्यातील औषध लागू पडत नाही. पूर्ण वाढ झाल्यावर तो मासा सोडून टाकीच्या तळाशी जातो व स्वतःभोवती कोष करतो. कोषात त्याचे विभाजन होऊन शेकडो पिले पाण्यात बाहेर पडतात. त्यांना एक-दोन दिवसांत मासा मिळाला नाही तर ती मरतात. औषधाने मरतात ती हीच पोहणारी पिले. २५ अंश सेल्सियसच्या आसपास हा क्रम साधारण आठवड्यात पुरा होतो. थंड पाण्यात त्यास कित्येक आठवडे लागतात.

लक्षणे

अंगावर व परांवर मिठाच्या कणांसारखे ठिपके दिसतात. मासे दगडांवर अंग घासतात, पर मिटून घेतात, खाणे सोडतात. कल्ल्यांत प्रादुर्भाव झाल्यास पृष्ठभागाशी येऊन धापा टाकतात. विणीच्या काळात नर गोल्डफिशच्या कल्ल्यांच्या झाकणावर व छातीजवळच्या परांवर पांढरे बारीक दाणे येतात. तो रोग नव्हे.

प्रतिबंधक उपाय

१) नवीन मासे २ ते ३ आठवडे वेगळ्या टाकीत ठेवावेत. वरून निरोगी दिसणारा मासाही परोपजीवी आणू शकतो.

२) प्रत्येक टाकीची हातजाळी व नळी वेगळी असावी. वापरानंतर ती उन्हात पूर्ण वाळवावी.

३) हिवाळ्यात रात्री पाणी एकदम गार होऊ देऊ नये. बदलताना घालावयाचे पाणी टाकीतील पाण्याइतक्याच तापमानाचे असावे.

४) गर्दी टाळावी, उरलेले खाद्य काढून टाकावे.

उपचार

एका माशावर ठिपके दिसले तरी संपूर्ण टाकीवर उपचार करावा. प्रथम पाणी मोजावे. लांबी, रुंदी व पाण्याची उंची सेंटिमीटरमध्ये घेऊन गुणाकार करावा व १००० ने भागावे, म्हणजे लिटर मिळतात. उदा. ९० × ४५ × ४० = १,६२,००० म्हणजे १६२ लिटर.

दर लिटरला २ ग्रॅम खडेमीठ घ्यावे. वरील टाकीस ३२४ ग्रॅम लागेल. ते पाण्यात विरघळवून २४ तासांत तीन हप्त्यांत घालावे. पाणी बदलल्यास जेवढे पाणी नवे घातले तेवढ्यापुरतेच मीठ घालावे. पाणवनस्पती व खवले नसलेल्या माशांना मीठ कमी सोसते, ते वेगळे ठेवून जपून उपचार करावा. हीटर असल्यास तापमान सावकाश २८ ते ३० अंशांपर्यंत वाढवावे, म्हणजे परोपजीवी लवकर मासा सोडतो. ऊन पाण्यात प्राणवायू कमी मावतो, म्हणून हवेचा पंप सतत चालू ठेवावा. तळ दररोज नळीने साफ करावा.

शेवटचा ठिपका गेल्यानंतरही उपचार आणखी एक आठवडा चालू ठेवावा. गार पाण्यात ही मुदत वाढवावी.

मोठ्या हौदात मिठाने रोग न हटल्यास १००० लिटर पाण्यास १५ ते २५ मि.लि. फॉर्मेलिन दिवसाआड, मत्स्यतज्ज्ञाच्या सल्ल्यानेच वापरावे. हातमोजे घालावेत, हवा जोरात सोडावी. बाटलीत पांढरा साका आढळल्यास ते वापरू नये. खाण्याच्या माशांच्या तळ्यात मॅलॅकाइट ग्रीन मुळीच वापरू नये. त्यास बंदी आहे.

थोडक्यात, माशाच्या अंगाकडे पाहून नव्हे, तर परोपजीवीचा जीवनक्रम मोजून औषध थांबवावे.