हुबेहूब म्हणजे खरं नव्हे

बालाघाट

चि. मनू,


वैनगंगेच्या घाटाचं चित्र मिळालं. मोबाइलमधल्या फोटोवरून काढलंस ना? पाण्यावरचा उजेड झकास उतरलाय. सर मात्र ‘मग फोटोच का नको?’ म्हणाले, म्हणून तू खट्टू झालीस. तुझा हात तयार आहे, पोरी. पण सरांच्या प्रश्नाला उत्तर द्यायलाच हवं.

आपल्या शेजारच्या मंडल्याकडचेच दोन चित्रकार बघ. सैयद हैदर रझा १९२२ साली बाबरियात जन्मले, वडील जंगलखात्यात. शाळेत लक्ष लागेना, तेव्हा गुरुजींनी भिंतीवर ठिपका काढून त्यांना त्याकडे बघत बसवलं. पुढे ते तुझ्या नागपुरात शिकले, मग जे.जे.त. तरुणपणी तेही गल्ल्या नि डोंगर रंगवत. १९४८ साली काश्मिरात छायाचित्रकार कार्तिए-ब्रेसाँ यांनी त्यांना सुनावलं, की चित्रांत बांधणी नाही, चित्रकार सेझान अभ्यासा. टीका मनावर घेऊन रझा १९५०मध्ये पॅरिसला गेले. तो लहानपणचा ठिपका मात्र चित्रात ‘बिंदू’ होऊन यायला पन्नाशी उलटावी लागली.

दुसरे पाटणगडचे परधान गोंड जनगड सिंह श्याम. त्यांची भिंतीवरची चित्रं पाहून ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला त्यांना भोपाळच्या भारत भवनात आणलं गेलं. त्यांच्या हरणाची शिंगं वर जाता जाता फांद्या होतात. असं हरीण कान्हाच्या जंगलात कुणाला दिसायचं नाही. पण बारशिंग्याची शिंगं दरवर्षी गळतात आणि नव्याने फुटतात, झाडाच्या पालवीसारखी. फोटोत एका क्षणाची शिंगं येतात. जनगडच्या रेषेत त्यांचं फुटणंही येतं.

ठिपके दोघांकडेही आहेत. रझांचा एकच ठिपका नजर खिळवतो, जनगडचे असंख्य ठिपके जनावराच्या अंगभर सळसळतात. ठिपका ज्याचा त्याचा असतो, म्हणून शैली उसनी घेऊ नकोस, ठिपके तर मुळीच नको.

पुढच्या वेळी मोबाइल पिशवीत ठेव आणि घाटावर निवांत बस. पेन्सिलीने भरपूर रेखाटनं कर. घरी आल्यावर वही मिटून आठवणीने चित्र काढ. जे आठवेल ते ठळक कर, विसरलं ते जाऊ दे. अडलं तर वही उघड, कारण नीट न बघता केलेली कल्पना पोकळ निघते.

दिवाळीत ये. भरवेलीच्या मँगनीज खाणीकडे जाऊ. तिथल्या दगडाचा काळा रंग ट्यूबमधल्या काळ्याने साधत नाही. त्यात काय मिसळायचं, ते तू ठरव.

तुझा,
मामा