मंडी हाउसची परिक्रमा : तौलनिक साहित्याभ्यासाचा एक पाठ

दिल्ली दाखविणारे वाटाडे पाहुण्याला बहुधा थडग्यांकडे नेतात. हुमायूनची कबर, सफदरजंगाची कबर, लोदी सुलतानांचे घुमट आणि मग वेळ उरलाच तर कुतुबमिनार, असा हा क्रम ठरून गेलेला आहे. त्यात वावगे काही नाही. परंतु भारतीय साहित्यांचा अभ्यास करणाऱ्या विद्यार्थ्याने या शहरातील एखादा परिसर पायी हिंडून पाहावा असे म्हटले, तर तो परिसर मंडी हाउस चौक आणि तेथून इंडिया गेटकडे उतरणारा कोपर्निकस मार्ग हाच होय. ज्याला आपण 'भारतीय साहित्य' आणि 'भारतीय रंगभूमी' म्हणतो त्या कल्पनांची घडण स्वातंत्र्योत्तर काळात ज्या थोड्या ठिकाणी झाली, त्यांपैकी एक हे ठिकाण आहे; आणि घडण जेथे झाली ती जागा पाहणे हा अभ्यासाचाच भाग मानावयास हवा.

दीड-दोन तासांच्या अशा फेरीला एक बंधन मात्र घालावे. इमारती दाखवीत सुटू नये. प्रत्येक विद्यार्थ्याने एक भाषा हाती धरावी आणि ती भाषा या परिसरात कोठे व कोणत्या रूपात भेटते, एवढेच शोधावे. प्रस्तुत लेखात मराठी हाती धरून ही फेरी कशी करता येईल ते दाखविण्याचा प्रयत्न आहे.

प्रथम नावांविषयी थोडे. मंडी संस्थानच्या राजाचे ज्या वास्तूमुळे चौकाला नाव पडले ती मूळ वास्तू आज तेथे नाही. नाव चौकाला चिकटून राहिले आणि २००६ पासून ते मेट्रोच्या स्थानकालाही मिळाले. कोपर्निकस मार्ग पूर्वी लिटन या व्हाइसरॉयच्या नावाने ओळखला जाई. त्याचे नाव पुसून पोलंडच्या खगोलशास्त्रज्ञाचे दिले गेले. विश्वाच्या केंद्रस्थानावरून पृथ्वीला हलविणाऱ्या माणसाचे नाव देशाच्या सांस्कृतिक केंद्राच्या रस्त्याला असावे, या योगायोगावर तौलनिक साहित्याचे प्राध्यापक विनोद करतातच. तो येथे एकदा करून सोडून देऊ.

चौकालगतच, फिरोजशहा मार्गावर, रवींद्र भवन आहे. टागोरांच्या जन्मशताब्दीच्या वर्षी, म्हणजे १९६१ साली, हबीब रहमान या वास्तुशिल्पज्ञाने उभारलेली ही वास्तू. संगीत नाटक अकादमी (१९५३), साहित्य अकादमी (१९५४) आणि ललित कला अकादमी (१९५४) या तिन्ही संस्था एकाच आवारात आल्या. साहित्य अकादमीचे उद्‍घाटन १९५४ च्या मार्चमध्ये झाले. त्याच वर्षी अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनही दिल्लीत भरले होते व अध्यक्षस्थानी तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी होते. पुढच्याच वर्षी अकादमीचे पारितोषिक मिळालेला पहिला मराठी ग्रंथ तर्कतीर्थांचाच, 'वैदिक संस्कृतीचा विकास'. दिल्लीच्या या नव्या संस्थेने मराठीतून पहिली निवड केली ती काव्याची वा कादंबरीची नव्हे, तर संस्कृतिमीमांसेची, ही गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. मराठी म्हणजे विचारप्रधान भाषा, ही प्रतिमा काही अंशी अशाही निवडींतून रूढ झाली असावी, असे मला वाटते.

अकादमीच्या आरंभीच्या कारभारात प्रभाकर माचवे होते. १९७१ ते १९७५ या काळात ते तिचे सचिव होते. ग्वाल्हेरच्या मराठी घरात जन्मलेले माचवे हिंदीत नावारूपाला आले आणि 'तार सप्तक'मधील (१९४३) सात कवींत त्यांची गणना झाली. त्याच सातांत गजानन माधव मुक्तिबोध हेही आहेत. घर मराठी, काव्य हिंदी, आणि सख्खे बंधू शरच्चंद्र मुक्तिबोध मात्र मराठीचे महत्त्वाचे कवी व समीक्षक. शरच्चंद्रांना १९७९ साली अकादमीचे पारितोषिक मिळाले ते मराठीसाठी. गजानन माधव १९६४ साली दिल्लीतच वारले. 'चाँद का मुँह टेढ़ा है' हा त्यांचा संग्रह त्यांनी स्वतः पाहिला नाही. विद्यार्थ्यांपुढे हे उदाहरण याच भवनाच्या पायरीवर ठेवावे. भाषावार वर्गीकरणात हे दोघे भाऊ दोन निराळ्या कपाटांत जातात. एका घरातील, एका बोलीत वाढलेल्या दोघांचा अभ्यास एकत्र करण्यासाठी कोणते कपाट उघडावयाचे? भारतीय साहित्य अनेक भाषांत लिहिले गेले असले तरी ते एकच आहे, ही राधाकृष्णन यांच्या नावाने सांगितली जाणारी भूमिका आपण सारे जाणतो. मुक्तिबोध बंधूंचे घर त्या भूमिकेला आधार देते, आणि कपाटे तिला छेद देतात.

आणखी एक ग्रंथ येथे हाती घ्यावा. कुसुमावती देशपांडे आणि मं. वि. राजाध्यक्ष यांचा मराठी वाङ्मयाचा इतिहास अकादमीने १९८८ मध्ये प्रसिद्ध केला, तो इंग्रजीत. बंगाली वा तमिळ वाचकाला मराठीचा परिचय इंग्रजीतून होणार, हे जणू गृहीतच होते. शिशिरकुमार दास यांनी भारतीय साहित्याच्या इतिहासाचे जे खंड सिद्ध केले (१९९१, १९९५) तेही इंग्रजीतच. हा दोष नव्हे. आपल्यापाशी दुसरा मार्ग नव्हता. मात्र रवींद्र भवनातून मराठी बाहेर पडते ती मुख्यतः ग्रंथरूपाने आणि बहुधा इंग्रजीच्या हाताला धरून, हे नोंदवून पुढे निघावे.

पुढे म्हणजे फार दूर नाही. याच आवारात 'मेघदूत' हे उघडे नाट्यगृह आहे. राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचे १९६२ ते १९७७ या काळातील संचालक इब्राहिम अल्काझी यांच्या कारकीर्दीतील ही जागा. अल्काझींचा जन्म पुण्याचा. त्यांनी १९६३ मध्ये फिरोजशहा कोटल्याच्या भग्नावशेषांत 'अंधा युग' केले आणि १९७४ मध्ये पुराना किल्ल्यात 'तुघलक'. विद्यालय पुढे भगवानदास मार्गावरील बहावलपूर हाउसमध्ये गेले. १९७१ साली कोपर्निकस मार्गावर कमानी सभागृह उघडले. पलीकडच्या रस्त्यावर श्रीराम केंद्र, तानसेन मार्गावर जोसेफ स्टाइन यांनी बांधलेली त्रिवेणी कला संगमची वास्तू. हाकेच्या अंतरावर इतकी रंगमंदिरे आल्यामुळे हिंदी नाटकाला कायमचा प्रेक्षक मिळाला, आणि त्या प्रेक्षकाला नाटके हवी होती. हिंदीत ती पुरेशी नव्हती. ही उणीव ज्या भाषांनी भरून काढली त्यांत मराठीचा वाटा मोठा आहे.

मराठी भाषेचा खरा प्रवास मला येथे दिसतो, आणि फेरीतील सर्वाधिक वेळ येथेच द्यावा असे मी म्हणेन. पदपथावर उभे राहून नुसत्या शीर्षकांचा विचार केला तरी एक तास पुरत नाही.

तेंडुलकरांचे 'शांतता! कोर्ट चालू आहे' (१९६७) हिंदीत 'खामोश! अदालत जारी है' झाले. 'शांतता' ही न्यायालयातील शिपायाची पुकार आहे, तशीच ती नाटक सुरू होण्यापूर्वी प्रेक्षकांना केलेली विनवणीही आहे. शब्द नामाचा, सूर सौम्य. 'खामोश'मध्ये विनवणी उरत नाही, हुकूम उरतो. 'कोर्ट' हा मुंबईच्या मध्यमवर्गाच्या तोंडचा शब्द. हौशी नटमंडळी खेळ म्हणून खटला उभा करतात त्यातला पोकळ रुबाब त्या इंग्रजी शब्दात आहे. 'अदालत' म्हणताच सरकारी व्यवस्थेचे वजन येते. आणि 'चालू' या शब्दात मराठी कानाला जो लबाडीचा वास येतो तो 'जारी'मध्ये येणे शक्य नाही. म्हणजे भाषांतर वाईट आहे काय? मुळीच नाही. त्याने नाटकाला अधिक कठोर केले, एवढाच त्याचा अर्थ. बेणारेबाईंवरील खटला मराठीत खेळता खेळता भयानक होत जातो. हिंदी शीर्षक ते भय दारातच सांगून टाकते.

दुसरे उदाहरण महेश एलकुंचवारांच्या 'वाडा चिरेबंदी'चे. वसंत देव यांनी हिंदीत त्याचे नाव 'विरासत' ठेवले. दगडामातीचे घर जाऊन तेथे भाववाचक नाम आले. पण वसंत देवांना दुसरा पर्याय कोणता होता? हिंदीत 'बाड़ा' म्हणजे गुरे कोंडण्याची जागा. 'हवेली' म्हणावे तर राजस्थान आणि जुनी दिल्ली डोळ्यांपुढे येते. विदर्भातील देशपांड्यांचे खेडे येत नाही. आणि 'चिरेबंदी'ला तर प्रतिशब्दच नाही. वस्तू हरवली, वारसा राहिला. हिंदी प्रेक्षकाला तो वारसा ओळखीचा वाटला, कारण मोडकळीला आलेली जमीनदारी घरे उत्तर हिंदुस्थानातही कमी नव्हती.

तिसरे सर्वांत गमतीचे. वसंत सबनीसांचे 'विच्छा माझी पुरी करा' हिंदी रंगभूमीवर 'सैयाँ भये कोतवाल' होऊन आले. 'इच्छा'चे 'विच्छा' होण्यात जी खेडवळ ठसकेबाज लकेर आहे ती हिंदीत आणता येणार नाही हे ओळखून भाषांतराने मूळ शीर्षक सोडूनच दिले आणि तेथे हिंदीतील एक म्हण बसविली. वगाच्या प्रकृतीला हे मानवते, कारण वगाची संहिताच पाण्यासारखी, भांड्याचा आकार घेणारी. याउलट 'घाशीराम कोतवाल'चे (१९७२). वसंत देवांनीच त्याचे हिंदी केले आणि दिल्लीत राजिंदर नाथ यांनी ते रंगमंचावर आणले. शीर्षक जसेच्या तसे राहिले, पण पुण्यातील ब्राह्मणांची ती मानवी भिंत, कीर्तन आणि लावणी यांचे एकमेकांत मिसळणे, नाना फडणिसाविषयी मराठी मनात असलेला आदर व त्यामुळे उसळलेला वाद, यांपैकी किती गोष्टी दिल्लीच्या प्रेक्षकाला जाणवणार? त्याला दिसला तो सत्ताधारी आणि त्याने निर्माण केलेला राक्षस यांचा संबंध. सत्तरच्या दशकातील दिल्लीला तो समजावून सांगावा लागला नसेल.

तेंडुलकर, गिरीश कार्नाड, मोहन राकेश व बादल सरकार ही नावे आज आपण एका दमात घेतो. चार नाटककार, चार भाषा. ही चौकडी एकत्र आणण्यात ग्रंथालयापेक्षा या चौकाभोवतालच्या तालीमघरांचा वाटा अधिक आहे, आणि ती एकत्र आली हिंदीत. दिल्लीच्या मान्यतेची मराठीला गरज काय, असा प्रश्न महाराष्ट्रात पुष्कळदा विचारला जातो. भालचंद्र नेमाड्यांच्या देशीवादाचा रोखही काहीसा त्याच दिशेने आहे. त्यात तथ्य आहे, पण पूर्ण नाही. मराठी नाटक येथे आले तेव्हा त्याला मराठीपण बाहेर ठेवून यावे लागले, हे खरे. तथापि उलट दिशेची वाहतूकही पाहावी. कार्नाडांचे 'तुघलक' आणि राकेशांचे 'आधे अधूरे' मराठीत आणले ते तेंडुलकरांनीच. ही आयात कोणत्याही संस्थेच्या योजनेची वाट पाहत बसली नाही. एका नाटककाराने दुसऱ्याचे नाटक वाचले, त्याला ते हवेसे वाटले. आणि हेही सांगावयास हवे की पुढे, २०१३ ते २०१८ या काळात, राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचे संचालक वामन केंद्रे होते, ज्यांची नाट्यदृष्टी मराठी रंगभूमीवर घडली.

श्रीराम केंद्राच्या रस्त्याला सफदर हाश्मी यांचे नाव आहे. साहिबाबादला पथनाट्य चालू असताना १ जानेवारी १९८९ रोजी त्यांच्यावर हल्ला झाला आणि दुसऱ्या दिवशी ते वारले. सभागृहांच्या या दाटीत रस्त्यावरच्या नाटकाची आठवण फक्त रस्त्याच्या पाटीवर राहिली आहे.

आता कोपर्निकस मार्गाने इंडिया गेटकडे चालू लागावे. दूरदर्शन भवन वाटेतच आहे. एके काळी नुसते 'मंडी हाउस' म्हटले की लोक दूरदर्शन समजत. त्यावर स्वतंत्र पाठ होईल, येथे नको. पुढे जुने महाराष्ट्र सदन. या संपूर्ण फेरीत मराठी आपल्या स्वतःच्या नावाने भेटते ती येथे, पाटीवर आणि जेवणघरात. कामानिमित्त दिल्लीला आलेला माणूस येथे झुणका-भाकरीच्या आशेने डोकावतो. कस्तुरबा गांधी मार्गावरचे नवे सदन २०१३ मध्ये उघडले आणि वर्दळ तिकडे विभागली. रवींद्र भवनात मराठी आहे पण इंग्रजीच्या आधाराने, नाट्यगृहांत आहे पण हिंदीच्या वेषात. सदनात ती निखळ आहे, परंतु तेथे तिला साहित्याशी काही कर्तव्य नाही. विद्यार्थ्याने तीन टिपणे काढावीत ती या तीन अवस्थांची.

मार्गाच्या टोकाशी लटयेन्सने आराखडा केलेले बडोदा हाउस आहे, जेथे आता उत्तर रेल्वेचे मुख्यालय आहे. गुजराती मुलखावर राज्य करणाऱ्या मराठी घराण्याचे हे घर. 'श्रीसयाजी साहित्यमाले'तून मराठी व गुजराती दोन्ही भाषांत ग्रंथ काढविणाऱ्या सयाजीरावांचे. दोन भारतीय भाषांना जोडण्यासाठी तिसरीची मध्यस्थी लागलीच पाहिजे असे नाही, याचा तो जुना दाखला आहे.

दिल्लीत राहणाऱ्या मराठी माणसांचे जग मात्र या रस्त्यावर सापडणार नाही. त्यासाठी पहाडगंजला जावे लागेल. नूतन मराठी विद्यालय तेथे आहे, आणि पिढ्यान्‌पिढ्या हिंदीच्या सहवासात राहिलेली मराठी कशी बदलते हे तेथील घरांत ऐकावयास मिळते. ती फेरी निराळ्या दिवशी काढावी, या फेरीला जोडू नये. तिच्यासाठी कान लागतो, आणि सोबत भाषाविज्ञानाचा एखादा अध्यापक असलेला बरा.