श्वास घेणाऱ्या साऱ्यांची गोष्ट

दिल्लीच्या आकाशात घारी नेहमी घिरट्या घालताना दिसतात. गाझीपूरच्या कचऱ्याच्या डोंगरावर तर त्यांचे थवेच्या थवे उतरतात. शहरातील घाण खाऊन त्या शहराची सेवाच करतात. पण त्यांच्याकडे क्वचितच कोणाचे लक्ष जाते. दिग्दर्शक शौनक सेन यांचे ते गेले आणि त्यातून ‘ऑल दॅट ब्रीद्स’ (२०२२) हा माहितीपट साकारला.

कथापटातील पात्रे व प्रसंग कल्पनेतून रचलेले असतात. माहितीपटात मात्र माणसे, स्थळे व घटना खऱ्या असतात. स्वतंत्र माहितीपटकाराच्या पाठीशी मोठी चित्रपटसंस्था नसते. विषय तो स्वतः निवडतो आणि पैसाही त्यालाच टप्प्याटप्प्याने उभा करावा लागतो. चिकाटी हेच त्याचे खरे भांडवल होय.

सेन यांचे शिक्षण दिल्लीच्या जामिया मिलिया इस्लामिया व जवाहरलाल नेहरू विद्यापीठांत झाले. ‘सिटीज ऑफ स्लीप’ (२०१५) या माहितीपटात त्यांनी एक साधा प्रश्न विचारला : ज्यांना घर नाही, ती माणसे रात्री कोठे निजतात? यमुनेवरील जुन्या लोखंडी पुलाखालचे एक चित्रपटगृह त्यात दिसते. तेथे लोक पैसे देऊन चित्रपट पाहतात, तसेच पैसे देऊन झोपतातही. गरिबाला झोपसुद्धा विकत घ्यावी लागते, हे सत्य त्यातून उमगते.

पुढच्या माहितीपटाचे नायक आहेत वझिराबादचे दोन भाऊ, नदीम शहजाद आणि मोहम्मद सऊद. पतंगाच्या मांज्याने पंख कापलेली घार मांसाहारी म्हणून एका पक्षी रुग्णालयाने नाकारली, तेव्हा या भावांनी स्वतःच उपचार शिकून घेतले. पशुवैद्यकाची पदवी त्यांच्याकडे नव्हती; तरुणपणी शरीरसौष्ठवाच्या छंदातून झालेली स्नायूंची ओळख मात्र कामी आली. साबणाची उपकरणे बनवण्याच्या व्यवसायाबरोबर घराच्या तळघरात त्यांनी हजारो पक्ष्यांवर उपचार केले.

सेन यांनी सुमारे तीन वर्षे हे काम टिपले. त्याच काळात, २०२० च्या फेब्रुवारीत, दिल्लीत दंगल उसळली. ती पडद्यावर ठळकपणे येत नाही. घरातील बोलण्यातून तिची धास्ती जाणवते. जखमी पक्ष्याला आसरा देणारे घर स्वतःच भयाच्या छायेत असते. दिग्दर्शक त्यावर भाष्य करत नाही, निष्कर्ष प्रेक्षकावर सोपवतो.

या माहितीपटाला २०२२ मध्ये सनडान्स व कान या दोन्ही महोत्सवांत सर्वोच्च माहितीपट-पुरस्कार मिळाले आणि २०२३ मध्ये ऑस्करचे नामांकन लाभले. परंतु त्याचे मोल केवळ पुरस्कारांत नाही. ज्या हवेत माणूस श्वास घेतो, तिच्यातच पक्षीही श्वास घेतो, हे तो दाखवून देतो.

विचार करा
१. पदवी नसतानाही दोन्ही भावांनी ज्ञान कसे मिळवले?
२. दंगल ठळकपणे न दाखवल्याने काय साधले असेल?
३. तुमच्या परिसरातील कोणत्या दुर्लक्षित कामावर माहितीपट व्हावा, असे तुम्हांला वाटते? सकारण लिहा.