बाटलीवरची बारीक अक्षरं

हे बघ, पर्फ्युमची बाटली हातात घेतलीस की वरचं झोकदार नाव राहू दे, खालची बारीक अक्षरं वाच. ओ द कोलोन, ओ द तॉयलेत, ओ द पर्फ्युम, नाहीतर नुसतंच पर्फ्युम. स्पिरिटमध्ये सुगंधी तेलं किती घातली आहेत, ते या अक्षरांवरून कळतं. कोलोनमध्ये साधारण २ ते ५ टक्के, तॉयलेतमध्ये (दुकानातली मुलं त्याला ईडीटी म्हणतात) ५ ते १५, ईडीपी म्हणजे ओ द पर्फ्युममध्ये १५ ते २०, आणि नुसत्या पर्फ्युममध्ये त्याच्याही वर. हे आकडे कुठल्या कायद्याने बांधलेले नाहीत. कंपनीगणिक थोडे हलतात, पण क्रम हाच.

कोलोन ही मुळात जर्मनीतल्या कोलोन शहराची चीज. इटलीहून तिथे गेलेल्या योहान मारिया फारिनाने अठराव्या शतकाच्या सुरुवातीला ते केलं. फारिनांची १७०९ साली सुरू झालेली पेढी आजही चालू आहे. लिंबू, संत्रं, बर्गमॉट असली हलकी तेलं त्यात असतात. ती भराभर उडतात, म्हणून दोन तासांत वास गेला तर दुकानदाराशी भांडू नकोस, त्याचा स्वभावच तो. आपल्याकडे ताप चढला की कपाळावर कोलनवॉटरच्या घड्या ठेवायचे, त्या ह्याच्याच. स्पिरिट उडताना गार वाटतं, एवढंच त्यातलं औषध. लहान मुलाला तसलं काही करू नकोस, साध्या पाण्याची पट्टी पुरते.

आणखी एक. बर्गमॉटच्या तेलातल्या एका द्रव्यामुळे ऊन लागलेल्या जागी कातडीवर काळपट डाग उठू शकतात. हल्ली बरेच जण ते द्रव्य काढून टाकतात, पण आपल्या बाटलीतलं काढलंय की नाही हे आपल्याला कसं कळणार? भर दुपारी बाहेर पडायचं असेल तर मानेवर फवारू नकोस, कपड्यावर मार. मात्र पैठणीवर नाही, रेशमावर डाग पडतो. मोत्याच्या नथीलाही स्पिरिट सोसत नाही. आधी सुगंध, मग दागिने.

दुकानात ‘मेन्स कोलोन’ असं दिसेल. अमेरिकेत पुरुषांच्या कुठल्याही सुगंधाला कोलोन म्हणायची पद्धत पडली आहे, त्यामुळे तिथून आलेली बाटली ईडीटीइतकी किंवा ईडीपीइतकीही दाट असू शकते. बाई-पुरुष हा भेद विक्रीवाल्यांचा. आवडलं तर खुशाल घे.

एकाच नावाची ईडीटी आणि ईडीपी म्हणजे एकीत पाणी जास्त, असंही समजू नकोस. शनेल नंबर फाइव्ह एर्नेस्त बो यांनी १९२१ मध्ये केलं. त्याची ईडीपी १९८६ मध्ये झाक पोल्ज यांनी वेगळी बांधली. दोन्ही हुंगल्याशिवाय ठरवू नये. हुंगायचं कसं, तर आधी कागदाच्या पट्टीवर, मग मनगटावर. पहिल्या दहा मिनिटांत येतो तो वरचा वास, आणि तोच विकायला काढलेला असतो. खाली काय आहे ते तासाभराने कळतं. तोवर बाजारात फिरून ये. तीन-चार वासांपुढे नाक बधिर होतं. कॉफीच्या बियांची वाटी पुढे करतील, त्यापेक्षा स्वतःच्याच बाहीचा वास घे. मनगटं एकमेकांवर रगडू नकोस. रगडल्याने सुगंध ‘मोडतो’ हे थोतांड आहे, पण उष्णतेने वरचा वास लवकर उडतो हे खरं.

अत्तराचं शास्त्र निराळं, त्यात स्पिरिटच नसतं. कनौजला तांब्याच्या देगेत पाणी आणि फुलं घालून खाली जाळ करतात. वाफ नळीतून भपक्यात उतरते, तिथे आधीपासून चंदनाचं तेल असतं, ते सुगंध धरून ठेवतं. भाजलेल्या मातीतून काढलेलं मिट्टी अत्तरही तिथलंच, पहिल्या पावसाचा वास हवा असेल तर तेच घे. आता चंदन महाग झालंय. मोगऱ्याचं अत्तर फारच स्वस्त मिळालं, तर खाली पॅराफिनसारखं तेल आहे असं खुशाल समज. लावायचं एक थेंब: कापसाच्या फायावर घेऊन कानाच्या पाळीत. हिना थंडीत, वाळा उन्हाळ्यात. जुनी माणसं हे ऋतू पाळत होती ते उगाच नाही, वैशाखात हिना लावून लोकलमध्ये चढलीस तर शेजारची बाई उठून जाईल.

कोरड्या कातडीवर कुठलाच सुगंध टिकत नाही, आंघोळीनंतर थोडं खोबरेल लाव, मग फवार. बाटली बाथरूममध्ये किंवा खिडकीत ठेवू नकोस. उष्णता आणि उजेडाने आतलं बिघडतं. कपाटात, खोक्यातच राहू दे. दिवाळीत पणत्यांजवळ अंगावर फवारू नकोस, स्पिरिट पेट घेतं. इस्पितळात कुणाला भेटायला जाताना काहीच लावू नकोस.

पहिल्या पगारात एकच घ्यायची असेल तर ३० मिलीची ईडीटी घे. १०० मिलीची हिशेबात स्वस्त पडते असं विकणारा सांगेल, आणि हिशेब त्याचा बरोबरही असेल. पण मुंबईच्या दमट हवेत मोठी बाटली संपेस्तोवर तुला तिचा कंटाळा आलेला असेल.