आधी नाव ठरवू नकोस

सायली, काल फोनवर पुन्हा तेच. "ताई, मी नक्की कोण? पेंटर, परफॉर्मर की फिल्मवाली?" अगं, हा प्रश्न तुझा नाहीच. तो आईचा आहे. काकूंनी विचारलं तर सांगायचं काय म्हणून पडलेला. तू कशाला ओझं वाहतेस?

नलिनी मालानींचं नाव तू वर्गात ऐकलंच असशील. त्यांची कामं एकदा ओळीने लावून बघ. 1969 साली जे.जे.तून चित्रकला शिकून निघाल्या, आणि त्याच सुमारास अकबर पदमसींनी आपल्या नेहरू फेलोशिपच्या पैशांतून मुंबईत व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप सुरू केलं. तिथे कॅमेरा हाती आला. तिथली पहिली फिल्म 'ड्रीम हाउसेस' म्हणजे काय, तर छोटंसं मॉडेल, त्यावर रंगीत प्रकाश आणि आठ एमएमवर एकेक फ्रेम करत टिपलेली हालचाल. नव्या देशातल्या नव्या घरांचं स्वप्न. मग 1976 मध्ये त्यांनी त्याच फिल्मच्या शेजारी दुसरी लावली, कृष्णधवल: एक तरुणी उंचावरून शहर बघतेय, खाली झोपड्या. दोन्ही मिळून 'युटोपिया'. जुनं काम फेकलं नाही, त्याच्याच बाजूला त्याचं उत्तर ठेवलं. मला तर हे भारीच वाटतं.

पुढे बरीच वर्षं रंगच. तेव्हाही कुणीतरी म्हणालं असेलच, "फिल्म सोडली का गं?" भूपेन खख्खर यांच्याकडून पारदर्शक पृष्ठभागाच्या मागून रंगवायला त्या शिकल्या. 1992 मध्ये केमोल्ड गॅलरीच्या भिंतींवरच चित्रं काढली, प्रदर्शन संपलं की पुसली जाणारी. पुढच्याच वर्षी अलकनंदा समर्थ यांच्यासोबत हायनर म्युलरचं मेडियावरचं नाटक रंगमंचावर आणलं. आणि पोखरणच्या स्फोटांनंतर 'रिमेंबरिंग टोबा टेकसिंग', नाव फाळणीवरच्या कथेवरून: पत्र्याच्या ट्रंकांमध्ये टीव्ही, आणि समोरासमोरच्या दोन भिंतींवर दोन बायका. दोघी मिळून एक साडी घडी करायला बघतायत, आणि मधे आपण उभे. साडीची घडी दोघींनी घालायची म्हणजे काय, ते आपल्याला शिकवावं लागत नाही ना! फाळणीवर भाषण ठोकायची गरजच उरली नाही.

नंतर तर तीच मागून रंगवलेली चित्रं फिरत्या नळकांड्यांवर चढली, त्यांच्या सावल्या भिंतीवर धावू लागल्या, वरून व्हिडिओ. आता याला चित्र म्हणशील, फिल्म म्हणशील की नाटक? समीक्षकांना ठरवू दे, त्यांचा पगार त्याचाच आहे.

तर तुझं असं बघ. ते गिरणीचाळीचं काम आधी कशात बसतंय ते पाहा. आजीचं बोलणं कॅनव्हासवर मावत नसेल तर रेकॉर्ड कर. रेकॉर्ड करून कोरडं वाटलं तर जिन्यात उभं राहून स्वतः बोल. आणि परफॉर्मन्सच्या दिवशी मैत्रिणीला ट्रायपॉड लावून बसव; फोनवर उभा, हलता, अर्ध्यात मेमरी संपलेला व्हिडिओ घेऊन कुठली फेलोशिप मागणार आहेस?

कॅमेऱ्याचा हप्ता मात्र आत्ता नको. कॉलेजचा आहे तो आधी वापर, आणि बाबांशी पैशाचं मी बोलते, तू मधे पडू नकोस.