उसनवारीचा तंटा आणि पोलीस संरक्षण
घेतलेली रक्कम परत करणे हे ऋणकोचे दायित्व होय. परंतु ती वसूल करण्याचा धनकोचा मार्ग दिवाणी न्यायालयातून जातो. दाराशी माणसे पाठवून हातपाय मोडण्याची भाषा सुरू झाली, की तंटा केवळ पैशाचा राहत नाही. भारतीय न्याय संहिता, २०२३ च्या कलम ३५१ अन्वये असे धमकावणे गुन्हा असून, जिवे मारण्याची वा जबर दुखापतीची धमकी दिल्यास ७ वर्षांपर्यंत कारावास होऊ शकतो.

अशा प्रसंगी पोलीस ठाण्यात लेखी अर्ज देऊन पोच घ्यावी. धमकीची तारीख, वेळ, उच्चारलेले शब्द आणि ते ऐकणाऱ्यांची नावे अर्जात असावीत. ‘मला भीती वाटते’ एवढ्याने भागत नाही. पोलिसांनी गुन्हा नोंदविण्यास नकार दिल्यास पोलीस अधीक्षकांकडे आणि त्यानंतर शपथपत्रासह न्यायदंडाधिकाऱ्यांकडे दाद मागता येते. शांतताभंगाचा संभव असल्यास कार्यकारी दंडाधिकारी नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १२६ खाली चौकशी करून जास्तीत जास्त १ वर्षाच्या मुदतीचे बंधपत्र घेऊ शकतात. गावपातळीवर हा उपाय विनाकारण विस्मरणात जातो.

संविधानाच्या अनुच्छेद २१ मधील जीविताच्या हक्कासाठी अनुच्छेद २२६ अन्वये उच्च न्यायालयात याचिका करता येते. न्यायालय बहुधा पोलिसांना धोक्याची शहानिशा करून योग्य कारवाई करण्यास सांगते. दारावर शिपाई उभा राहीलच असे नाही. मूळ देणे-घेणे तेथे ठरत नाही. म्हणूनच याचिकेत कर्ज दडवू नये; ते मागाहून उघड झाल्यास खऱ्या धमकीविषयीही संशय उत्पन्न होतो.

महाराष्ट्रात सावकार विनापरवाना असल्यास सावकारी (नियमन) अधिनियम, २०१४ खालील तक्रार सहकार खात्याच्या तालुका सहायक निबंधकांकडे स्वतंत्रपणे करावी.